स्वप्नातील दायभाग

वारसा मिळाल्याची किंवा हातचा गेल्याची स्वप्ने आपल्याकडे मुळीच दुर्मिळ नाहीत. दुर्मिळ आहे तो त्यांचा नेटका विचार. पूर्वज स्वप्नात आला तर त्याची काही इच्छा अपुरी राहिली असली पाहिजे, स्वप्नात सोने सापडणे अशुभ, धनावर नाग बसलेला दिसला तर घराण्यातला कोणी त्या ठेव्यात गुंतून राहिला आहे, असे ठोकताळे माजघरातून पिढ्यान्‌पिढ्या चालत आले. आणि ज्या वर्गाने ते भोळसट म्हणून टाकून दिले त्याने त्यांच्या जागी घर म्हणजे चित्त, किल्ली म्हणजे ज्ञान, मृत पिता म्हणजे अधिकार अशी दुसरी समीकरणे आणून बसवली. ज्या घरात, ज्या भावंडांमध्ये आणि जमिनीच्या ज्या तुकड्यापायी ते स्वप्न पडले, त्यांच्याकडे पाहण्याचे प्रयोजन या दोन्ही रीतींत अर्थ लावणाराला उरत नाही, हे मला फार दिवस खटकत आले आहे.

माझ्या परिचयातील एका आत्या-भाच्यांचे या विषयावर जे बोलणे झाले ते येथे देतो. आत्यांनी वाईच्या दिवाणी न्यायालयात वाटणीचे दावे चालवण्यात आयुष्य घालवले; मिताक्षरा त्यांनी मुळातून वाचली आहे आणि प्राज्ञपाठशाळेच्या धर्मकोशातील व्यवहारकांडाचे खंड त्यांच्या उशाशी असतात. भाचा महाविद्यालयात मानसशास्त्र शिकवतो आणि युंग हा त्याचा विशेष व्यासंगाचा विषय आहे. ज्या वाड्याविषयी हे बोलणे झाले तो एकीचे माहेर आहे आणि दुसऱ्याचे राहते घर, ही गोष्ट वाचकाने प्रारंभीच ध्यानात घ्यावी.

भाच्याला पडलेले स्वप्न असे. वाड्याच्या माजघरात, देवघराच्या पाठभिंतीला, आज तेथे नसलेला एक ठेंगणा दरवाजा होता. तो ढकलताच पायऱ्या खाली एका तळघरात उतरत होत्या. तेथे त्याचे आजोबा, ज्यांना त्याने केवळ तसबिरीत पाहिले आहे, मांडी घालून बसले होते. त्यांनी खारव्याच्या तांबड्या रुमालात बांधलेले दप्तर पुढे सरकवले आणि ‘वाच’ म्हणून सांगितले. गाठ सुटली, कागद उलगडले, परंतु ते सारे मोडीत होते, आणि त्याला मोडी येत नाही. आजोबा काही न बोलता थांबून राहिले, आणि ते थांबून राहणे असह्य होऊन त्याला जाग आली.

भाचा : आत्या, हे स्वप्न पडल्यापासून मला युंगच्या एका स्वप्नाची आठवण सोडत नाही. १९०९ साली फ्रॉइडबरोबर तो अमेरिकेला गेला त्या प्रवासातले हे स्वप्न. एक दुमजली घर. वरच्या मजल्यावर अठराव्या शतकातील नखरेल सामानाचा दिवाणखाना. खाली उतरावे तर पंधराव्या-सोळाव्या शतकातली काळोखी दालने. त्याखाली रोमन बांधणीचे तळघर. आणि तळघराच्या फरशीतील कडी ओढून दगड उचलला तर आणखी खाली एक गुहा, जिच्यात हाडे, फुटकी मडकी आणि दोन जीर्ण कवट्या पडलेल्या. युंगने याचा अर्थ असा लावला की, हे घर म्हणजे मन, वरचा मजला म्हणजे आपली जाणीव, आणि जसजसे खाली जावे तसतसे जे माझे एकट्याचे नाही, जे समस्त मानवजातीकडून मला परंपरेने आले आहे, ते भेटत जाते. त्याच्या सामूहिक अबोध मनाच्या सिद्धांताला या स्वप्नाने मोठी चालना दिली. मला पडलेल्या स्वप्नात तळघरही आहे, पूर्वजही आहे, आणि न वाचता येणारी लिपीही आहे. तेव्हा हा वारसा म्हणजे मागून न घेतलेला, नाकारता न येणारा आणि अजून न उलगडलेला असा माझ्या चित्ताचाच भाग आहे, यावाचून दुसरा अर्थ मला संभवनीय वाटत नाही.

आत्या : तू दिलेले युंगचे आत्मचरित्र मी वाचले आहे, म्हणून विचारते. त्या स्वप्नातील बाकीचे सारे बाजूला ठेवून फ्रॉइड एकाच मुद्द्यावर परत परत येत होता, तो तू गाळलास. त्या दोन कवट्या कोणाच्या, असे तो विचारत होता. त्याला त्यात कोणाच्या तरी मरणाची इच्छा दिसत होती, हे मला ठाऊक आहे, आणि ती त्याची अटकळ मी खरी मानते असेही नाही. परंतु उलटतपासणीचा प्रश्न म्हणून तो अचूक होता. आणि युंगने काय उत्तर दिले? बायकोची आणि मेव्हणीची, असे सांगून टाकले. ते खोटे होते आणि वाद टाळण्यासाठी दिले होते, हे त्याने स्वतःच लिहून ठेवले आहे. घरात हाडे सापडली असता ती मानवजातीची आहेत असे म्हणणे सोपे असते, कारण मानवजात हिस्सा मागायला येत नाही.

भाचा : पण फ्रॉइडचा प्रश्न तरी निर्मळ कुठे होता? त्याचे वडील १८९६ च्या ऑक्टोबरात वारले. स्वप्नमीमांसेचा ग्रंथ १८९९ च्या नोव्हेंबरात बाहेर आला, त्यावर छापले साल १९००. आणि दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत त्यानेच सांगितले की, हा ग्रंथ म्हणजे पित्याच्या मृत्यूवर आपल्या मनाची झालेली प्रतिक्रिया होती, हे आपल्याला तो लिहून पुरा झाल्यावर उमगले. जो स्वतः नुकताच वारस झाला होता त्याला प्रत्येक वारशाच्या मुळाशी मृत्यूची इच्छा दिसावी, यात नवल ते काय?

आत्या : नवल नाही, आणि त्याचे कारण मनात शोधण्याआधी मी कायद्यात शोधीन. त्याच्या देशात बाप मेल्यावाचून मुलगा मालक होत नाही. आपल्याकडे बंगालमध्ये जीमूतवाहनाच्या दायभागाप्रमाणे तीच स्थिती होती. परंतु कल्याणीला, चालुक्य विक्रमादित्याच्या राज्यात बसून विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर जी मिताक्षरा लिहिली आणि जी या मुलखात शतकानुशतके प्रमाण मानली गेली, ती सांगते की, मुलाचे स्वत्व त्याच्या जन्माबरोबरच उत्पन्न होते. पाळण्यातले मूल आजोबांचा सहहिस्सेदार असते. मग ज्या घरात मुलाला मालक होण्यासाठी कोणाच्या मरणाची वाट पाहावी लागत नाही, त्या घरातल्या मुलाच्या स्वप्नात आजोबा आले तर ते वाटेतून दूर होण्यासाठी कशाला येतील? ते हिशेब दाखवायला येतील. आणि विसरू नकोस, त्याच शास्त्राने जन्मसिद्ध हक्काच्या जोडीला वडिलांचे कर्ज फेडण्याचे बंधनही मुलाच्या आणि नातवाच्या शिरावर ठेवले. दारू, जुगार, व्यभिचार अशा गोष्टींपायी झालेले कर्ज मात्र वगळले. दप्तर म्हटले की त्यात घेणे असते तसे देणेही असते.

(मिताक्षरेच्या मुलखातील स्वप्न आणि व्हिएन्नातील स्वप्न एकाच कोष्टकाने वाचू नये, हा आत्यांचा मुद्दा मला या साऱ्या बोलण्यात विशेष मोलाचा वाटला. स्वप्नांचे पाश्चात्त्य ग्रंथ आपण भाषांतरित करून घेतले, पण त्या ग्रंथांखाली दडलेला त्या देशांचा वारसाहक्काचा कायदाही आपण त्यांच्यासोबत नकळत घरात आणला, याचा विचार कोणी केलेला माझ्या वाचनात नाही.)

भाचा : मग स्वप्नाने खरोखरच हिशेब दाखवल्याचे एक उदाहरण मी देतो, आणि तेही माझ्याच बाजूने. अमेरिकेत उत्तर कॅरोलायना राज्यात शॅफिन नावाचा एक शेतकरी होता. त्याने १९०५ साली दोन साक्षीदारांसमक्ष मृत्युपत्र करून सारी शेती चार मुलांपैकी मार्शल नावाच्या एकाच मुलाला दिली. १९२१ साली तो वारला आणि त्याप्रमाणे मार्शलला शेती मिळाली. पुढे १९२५ साली जेम्स या दुसऱ्या मुलाच्या स्वप्नात बाप येऊ लागला. एकदा तो आपला काळा ओव्हरकोट घालून आला, कोटाची बाजू मागे सारली आणि माझे मृत्युपत्र या खिशात सापडेल असे म्हणाला. कोट दुसऱ्या भावाच्या घरी होता. आतल्या खिशाचे अस्तर शिवलेले होते. ते उसवले तेव्हा मृत्युपत्र नव्हे, एक चिठ्ठी निघाली, आणि तीत वडिलांच्या जुन्या बायबलातील उत्पत्तीचा सत्ताविसावा अध्याय वाचावा एवढेच लिहिले होते. साक्षीदार सोबत घेऊन ते जीर्ण बायबल उघडले तेव्हा त्याच अध्यायाची पाने दुमडून केलेल्या घडीत १९१९ सालचे, बापाच्या स्वहस्ताक्षरातले दुसरे मृत्युपत्र होते : मालमत्ता चौघांनी समान वाटून घ्यावी आणि आईला सांभाळावे.

आत्या : हा खटला मला ठाऊक आहे, आणि तो तुझ्या नव्हे, माझ्या बाजूचा आहे. त्या वर्षीच्या डिसेंबरात न्यायालयाने ते मृत्युपत्र मान्य केले ते हस्ताक्षर पटले म्हणून. मार्शल तोवर वारला होता, त्याच्या विधवेची प्रथम हरकत होती, पण अक्षर पाहिल्यावर तिने ती सोडली. आपल्या येथे हा कागद रद्दीत गेला असता, कारण त्याच १९२५ साली झालेल्या आपल्या वारसा कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे स्वहस्ते लिहिलेल्या मृत्युपत्रालाही दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात. त्या राज्याच्या कायद्यात लागत नव्हत्या. परंतु मूळ गोष्ट पाहा. बाप स्वप्नात आला तो मुलाच्या चित्ताचे थर दाखवायला आला नाही. चार मुलांपैकी तिघांवर अन्याय झाला होता आणि म्हातारी आई त्यात अधांतरी होती. ते निस्तरायला आला. कोट म्हणजे कोट होता, बायबल म्हणजे बायबल होते.

भाचा : बायबल केवळ बायबल नव्हते, आत्या. त्या सत्ताविसाव्या अध्यायात काय आहे? आंधळा झालेला इसाक थोरल्या एसावाला आशीर्वाद देणार असतो, आणि धाकटा याकोब भावाचे कपडे अंगावर चढवून, हातांना करडांची कातडी गुंडाळून तो आशीर्वाद लुबाडतो. वारसा एकाला मिळायचा तो दुसऱ्याने नेला, याची फार जुनी कथा त्या शेतकऱ्याने निवडली आणि आपला कागद तिच्याच पोटात ठेवला. ज्याला आपण अडाणी म्हणू अशा माणसाने आपले मृत्युपत्र प्रतीकात गुंडाळून ठेवले, आणि मुलाच्या स्वप्नानेही ते थेट न सांगता कोट, मग चिठ्ठी, मग ग्रंथ अशा पायऱ्यांनीच सांगितले. प्रतीक आणि दस्तऐवज यांना आपण जितके वेगळे धरतो तितके ते त्या माणसाच्या मनात वेगळे नव्हते.

आत्या : हे मान्य. पण प्रतीकाच्या पोटात दस्तऐवज होता, म्हणून त्या प्रतीकाला किंमत आली. तुझ्या स्वप्नातही आहे का, ते पाहू. तू म्हणतोस देवघराच्या पाठभिंतीला नसलेला दरवाजा दिसला. तो दरवाजा होता.

भाचा : म्हणजे?

आत्या : त्या भिंतीत बळद होते. एक माणूस वाकून आत शिरेल एवढे त्याचे दार. आत जोंधळा भरत, आणि भोवतीच्या लिंपणावर बोटांचे ठसे उमटलेले असत. तुझ्या जन्माच्या कितीतरी आधी, घरचे धान्य येणे थांबले तेव्हा, ते चिरे लावून बंद केले आणि वर गिलावा केला. चरकाने इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार सांगितले आहेत : दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक आणि दोषज. यांपैकी पहिली पाच निष्फळ, असे तो वैद्य स्पष्ट म्हणतो. तू ते बळद पाहिले नाहीस, पण लहानपणी माझ्या आईच्या तोंडून ऐकले असशील; तेव्हा दरवाजापुरते तुझे स्वप्न श्रुत. पायऱ्या मात्र तेथे कधीच नव्हत्या. दरवाजा वाड्याचा आहे, तळघर तुझे आहे. आणि तुझ्या तळघराबद्दल मला काही म्हणायचे नाही.

भाचा : आणि दप्तर?

आत्या : दप्तर माळ्यावर आहे. तांबडा रुमाल आहे, तोही खारव्याचाच. त्यातले कागद हातबनावटीचे, बोरूने लिहिलेले. कडांना कसर लागून बारीक भोके पडली आहेत, पण मधला मजकूर शाबूत आहे. माझ्या वडिलांनी मला मोडी शिकवली ती त्याच कागदांवर. पाटीवर नव्हे, त्या कागदांवर बोट ठेवून. तुझे बाबा तेव्हा खेळायला जात. त्यात आपल्या पणजोबांच्या वेळचे एक वाटणीपत्र आहे. त्यात त्यांच्या विधवा बहिणीला ओढ्याकाठचे एक शेत चोळीबांगडीसाठी तहहयात लावून दिल्याची कलमबंदी आहे. पुढच्या एकाही उताऱ्यावर त्या बाईचे नाव नाही. तिने ते शेत कधी खाल्ले की नाही, की कागदावरच राहिले, हे त्या दप्तरातल्या बाकीच्या कागदांवरून कळू शकेल; ते मी वाचायचे राहिले, कारण माझे लग्न झाले आणि दप्तर वाड्यात राहिले. ज्याच्याकडे दप्तर आले त्याला वाचता येत नाही, आणि जिला वाचता येते तिच्याकडे ते आले नाही. तुझ्या आजोबांनी स्वप्नात ‘वाच’ म्हटले ते चुकीच्या माणसाला म्हटले, असे मला वाटते.

येथे थोडा खुलासा केला पाहिजे. आत्यांनी आपला हक्क भावाच्या नावे सोडून दिला होता. हक्कसोडपत्राचा तो प्रसंग महाराष्ट्रातील हजारो बहिणींच्या वाट्याला येतो आणि तो एकाच साच्याचा असतो : दुय्यम निबंधकाच्या कचेरीत बाकावर बहिणी बसलेल्या, भाऊ झेरॉक्सच्या प्रती मोजत उभा, नाव पुकारले की कॅमेऱ्यापुढे चेहरा, यंत्रावर अंगठा, ओळख पटवणाऱ्या दोघांच्या सह्या, आणि मोबदला न घेता, राजीखुशीने, असे शब्द असलेला कागद. पुढे भाऊबीजेला साडी येते. हा दस्त करून देणाऱ्या अनेकींना आपण नेमके काय सोडले हे ठाऊक नसते. आत्यांना कलमवार ठाऊक होते, आणि तरी त्यांनी तो करून दिला.

भाचा : आत्या, तुम्ही वकील असून सही केलीत, याचे मला नेहमी आश्चर्य वाटत आले.

आत्या : आश्चर्य कसले? १९५६ च्या कायद्याने मुलीला बापाच्या हिश्श्यात वारस केले, पण त्याच कायद्याच्या कलम २३ ने सांगितले की, राहत्या घराची वाटणी ती मागू शकत नाही. भावांनी वाटणी करायची ठरवली तरच. अविवाहित, परित्यक्ता किंवा विधवा असेल तर तिला तेथे राहता येईल. नांदत्या विवाहितेला तेवढेही नाही. मी माझ्या पक्षकार बायकांना हे कलम समजावून सांगत असे तेव्हा त्यांतल्या कितीतरी जणी मला त्यांची स्वप्ने सांगू लागत. माहेरचे घर, दार आतून लावलेले, आत सगळ्यांचे बोलणे ऐकू येते आणि कोणी दार उघडत नाही. हेच स्वप्न, थोड्या फरकाने, पुन्हा पुन्हा. तुझ्या शास्त्राप्रमाणे त्या दाराचा काय अर्थ होईल तो होवो. त्या दाराला कायद्याचे कलम होते. १९९४ साली महाराष्ट्राने मुलींना जन्मतः सहहिस्सेदार केले, पण तोवर ज्यांची लग्ने झाली होती त्यांना वगळून. २००५ साली देशभर तो हक्क आला, कलम २३ गेले. आणि बाप तो कायदा लागू झाला त्या दिवशी, त्या वर्षाच्या ९ सप्टेंबरला, हयात असलाच पाहिजे असे नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० च्या ऑगस्टमध्ये ठरवले तेव्हा कुठे वाद मिटला. विज्ञानेश्वराचे जन्मसिद्ध स्वत्व मुलींपर्यंत पोचायला नऊशे वर्षे लागली. इतक्या बायकांनी इतकी वर्षे पाहिलेले ते बंद दार प्रतीक म्हणून समजावून सांगणारा कोणी भेटला असता, तर त्यांनी दावा लावलाच नसता. म्हणून मला तुमच्या अर्थ लावण्याची भीती वाटते.

भाचा थोडा वेळ बोलला नाही. मग त्याने जो मुद्दा काढला तो मला त्याच्या बाजूचा सर्वांत सबळ वाटतो.

भाचा : ज्यांचे घरच उरले नाही त्यांचे काय, आत्या? कोयनेचे धरण झाले, शिवसागराचे पाणी चढले, जावळी-पाटणच्या खोऱ्यातली गावे त्याखाली गेली, आणि माणसे घाटाखाली रायगड-ठाण्यापासून घाटावर सोलापूरपर्यंत विखुरली. त्यांच्यातल्या एका कुटुंबातला मुलगा माझ्या वर्गात होता. त्याच्या आजोबांनीच काय ते गाव पाहिलेले. हा मुलगा नव्या वसाहतीत, सपाट माळावर जन्मला. त्याच्या स्वप्नात डोंगरउतारावरचे कौलारू घर येते, दारात पाणी येऊन टेकलेले असते, आणि आजोबा त्याला उंबऱ्याची लाकडी पट्टी काढून घे म्हणून सांगतात. येथे सातबारा नाही, फेरफार नाही, वाटणी मागायला जमीन नाही. हे घर कोणत्या न्यायालयात मागायचे?

आत्या : मागता येते. धरणग्रस्तांना पर्यायी जमीन देण्याचे शासनाचे कबूल केलेले काम दोन पिढ्या उलटल्या तरी पुरे झालेले नाही. त्यासाठी लोक अजून ठिय्या देऊन बसतात. त्या मुलाच्या स्वप्नात एक अर्ज पडून आहे.

भाचा : आहे, आणि उद्या तो मंजूर होऊन त्याला पाच एकर बागायत मिळाली, म्हणून ते घर स्वप्नात यायचे थांबेल? त्याने जे पाहिलेच नाही, जे जमीन देऊन भरून निघत नाही, ते आजोबांकडून त्याच्याकडे आले आहे. उंबरा घेऊन तो काय करणार? त्याला बसवायला दारही नाही. पण आजोबा घर ने म्हणत नाहीत, उंबरा ने म्हणतात. घरात येण्याजाण्याची जी सीमा असते तेवढी तरी ने म्हणतात. याला तुमच्या कायद्यात जागा नाही, आणि मला ही जागा सोडता येणार नाही.

आत्या : (किंचित थांबून) या मुलाच्या बाबतीत मी हटणार. त्याने आपल्या वाट्याचे काही दडवलेले नाही, कोणाचे काही धरून ठेवलेले नाही. त्याला प्रतीकाचा अधिकार आहे.

‘प्रतीकाचा अधिकार’ हा शब्दप्रयोग आत्यांनी सहज केला, परंतु माझ्या मते सारा वाद त्यातच आला. स्वप्नातील घर म्हणजे मन असे म्हणण्याची मुभा कोणाला आहे आणि कोणाला अजून नाही, हा प्रश्न स्वप्नशास्त्राचा नव्हे, नीतीचा आहे. आणि त्याचे उत्तर या दोघांना देहूत सापडले.

भाचा : मग तुकोबांचे स्वप्न घ्या. नामदेव पांडुरंगाला सोबत घेऊन स्वप्नात आले आणि शतकोटी अभंगांचा जो संकल्प आपल्या हातून पुरा झाला नाही, त्याची राहिलेली संख्या पुरी करण्याचे काम तुकोबांवर सोपवून गेले. मध्ये जवळजवळ तीनशे वर्षे गेलेली. नाते रक्ताचे नाही, जातीचे नाही, एक शिंपी आणि एक वाणी. तरी हा वारसाच आहे, आणि तो मालमत्तेचा नाही, अपुऱ्या कामाचा आहे. आपल्या भाषेत वारशाच्या स्वप्नाचे याहून मोठे उदाहरण नाही. त्या घराण्यात तर विठ्ठलही स्वप्नातूनच आला होता; तुकोबांचे पूर्वज विश्वंभरबोवा यांना स्वप्नात दृष्टांत झाला, आंब्याच्या बनात मूर्ती सापडली, आणि तिचे देऊळ वंशपरंपरेने तुकोबांकडे आले; ते मोडकळीस आले होते, त्याचा त्यांनी जीर्णोद्धार केला.

आत्या : आणि त्याच्या आधी काय केले ते सांग.

भाचा : कर्जखते इंद्रायणीत बुडवली.

आत्या : सारी नाहीत. लोक येथेच चुकतात. घराण्यात महाजनकी होती, सावकारी होती, दुष्काळात सारे बसले, तरी लोकांकडे येणे असल्याची खते उरली होती. ती बुडवायची ठरली तेव्हा कान्होबा, धाकटा भाऊ, पुढे आला. संसार मला चालवायचा आहे, म्हणाला. तेव्हा तुकोबांनी खतांचे दोन सारखे भाग केले, अर्धी भावाच्या हवाली केली आणि आपल्या वाट्याची अर्धी तेवढी डोहात सोडली. महिपतींनी सांगितलेला हा प्रसंग मी कोवळ्या वयात कीर्तनात ऐकला, आणि वकिली करू लागल्यावर मला त्याची खरी किंमत कळली. वैराग्याच्या भरात दुसऱ्याचा हिस्सा बुडवण्याचा अधिकार आपल्याला नाही, हे त्या क्षणीही त्यांच्या ध्यानात होते. मृत माणसाच्या नावचा कागद, दुसऱ्याच्या घरावरचे येणे, भावाचा निम्मा वाटा, या सगळ्याचा चोख फडशा पडला. आणि नामदेव स्वप्नात आले ते चरित्रकारांच्या क्रमात त्यानंतर आले. त्या स्वप्नाला मी प्रतीक म्हणायला एका पायावर तयार आहे.

भाचा : म्हणजे आधी वाटणी, मग स्वप्न?

आत्या : स्वप्न केव्हाही पडो; अर्थ लावणे वाटणीनंतर. मनूने न वाटता येणाऱ्या गोष्टींची यादी दिली आहे : अंगावरचे वस्त्र, शिजवलेले अन्न, पाणी, वाट. घरचे देवही वाटले जात नाहीत, त्यांची पाळी लावतात. मी दावे चालवले त्यांत नेहमी हेच दिसे की, शेत, घर, भांडी, दागिने यांचा फैसला होईपर्यंत भाऊ-भाऊ देवघरावरून, बापाच्या काठीवरून, आईच्या उखळावरून भांडत असत. आणि वाटणी न्याय्य झाली की त्या वस्तूंबद्दल दोघेही ‘तू ठेव’ म्हणत. जे वाटता येते ते वाटल्यावाचून जे वाटता येत नाही ते नजरेलाच पडत नाही. तुला स्वप्नातून जे आजोबांनी द्यायचे आहे, ते त्या शिलकीतले आहे. ते मी नाकारत नाही. पण शिल्लक काढायला आधी खाते मांडावे लागते.

भाचा : मी दप्तर तुमच्याकडे आणून देतो.

आत्या : आणून नको देऊस. दप्तर वाड्यातून हलवू नये. मी येते आणि तेथेच बसून वाचते, तू शेजारी बसून उतरवून घे. त्यात त्या विधवेच्या शेताचे काय झाले ते निघेल, आणखी कोणाकोणाचे काय राहिले तेही निघेल, आणि तुला बाराखडीपुरती मोडीही येईल. माझे हक्कसोडपत्र आहे, ते मी मोडायला सांगत नाही. मात्र त्यात वाडा आहे, जमीन आहे; देव त्यात लिहिलेले नाहीत. तेव्हा देवांच्या पाळीत माझे नाव धरायचे की नाही, हे तू मला आजच सांग.

भाचा : धरायचे. चैत्रापासून पहिली पाळी तुमची. पण आत्या, दप्तर सगळे वाचून झाले, ज्याचे त्याला पोचले, आणि तरीही त्या तळघराच्या पायऱ्या मला स्वप्नात दिसल्या, तर त्यांचा अर्थ मी युंगलाच विचारणार आहे.

आत्या : विचार. तेव्हा मी हरकत घेणार नाही. आणि तो काय सांगतो ते मलाही कळव.